कश्कानं लिहिलेलं नाव

फोन थरथरला तेव्हा माझ्या लेकीला, रायकाला, नुकती झोप लागत होती. दुपारी झोपताना ती माझ्या कुडत्याची किनार मुठीत धरून ठेवते, आणि ती मूठ सैल पडेपर्यंत मला हलता येत नाही. मूठ सैल पडली की माझा दिवस सुरू होतो. कोथिंबिरीच्या काड्या एका बाजूला सारून स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसायचं, आणि ती उठेपर्यंत जे लिहून होईल तेवढंच आपलं. माझं सगळं पुस्तक असं झालंय, मुठीमुठीनं. आज मूठ अजून घट्ट होती. मी मोकळ्या हातानं फोन उचलला. तेहरानहून अफ्सर खानमनी फोटो पाठवला होता. अफ्सर खानम आमच्या नार्मकमधल्या इमारतीत मामानच्या, माझ्या आईच्या, वरच्या मजल्यावर राहतात, आणि एरवी मला फक्त गुलाबांचे आणि दुवांचे फोटो पाठवतात. हा फोटो एका वाटीचा होता. निळ्या काठाची, आमच्या घरची वाटी, काठावरचा टवका ओळखीचा. वाटीत गडद हिरवी, दाट सुपासारखी आश, तिच्यावर तळलेल्या कांद्याची आणि पुदिन्याची नक्षी, आणि त्या नक्षीच्या मधोमध पांढऱ्या कश्कानं, चमच्याच्या टोकानं लिहिलेलं माझं नाव. गोल्नूश. शेवटचं अक्षर जरा खाली ओढलेलं, मामान ओढते तसं, जणू वाक्य अजून संपलेलं नाही.

 रायका झोपेत कुरकुरली आणि तिनं मूठ आणखी आवळली.

फोटोमागोमाग अफ्सर खानमचा आवाज आला. मी फोन कानाशी दाबून धरला. "गोल्नूश जान, तुझ्या मामानच्या हाताला कधी दुखणं न येवो. आश अशी झाली होती म्हणून सांगू, आमच्या ह्यांनी डॉक्टरला गुंडाळून ठेवलं आणि अख्खी वाटी हाणली. पण मुली, तू निघालीस कुठे? मी दार उघडलं तर तुझी मामान वाटी घेऊन उभी. म्हणाली, पावलामागची आश आहे. मी म्हटलं, इतक्या वर्षांनी तुमच्या घरातून कोण हो प्रवासाला गेलं? तर म्हणाली, गोल्नूश गेली. मी म्हटलं, अगं बाई, गोल्नूश तर कधीचीच गेलीय. तर म्हणाली, नाही, आत्ता गेली. मला काही उमजेना. अमेरिकेला बिमेरिकेला चाललीस का? जिथं जाशील तिथं सुखी राहा. वाटी रिकामी कशी पाठवायची, खडीसाखर होती घरात, ती घातली."

मी तो निरोप परत ऐकला नाही. परत ऐकायची गरज नव्हती. काही वाक्यं कानातून जातच नाहीत, सरळ पोटात पडतात. नाही, आत्ता गेली.

आमच्याकडे माणूस लांबच्या प्रवासाला निघालं की दारात कुराण धरतात आणि त्याखालून त्याला जायला लावतात. मग त्याच्या पाठीमागे पाणी ओततात, वाट ओली राहावी, परत यावं म्हणून. आणि तिसऱ्या दिवशी, तो सुखरूप पोचला असेल असं धरून, आश करतात. राजमा, चणे, मसूर, परातभर पाल्याचा ढीग, आणि शेवटी लांबच लांब शेवया. त्या शेवया म्हणजे वाट, असं लहानपणी मामान सांगायची. गेलेल्याच्या पावलामागे ती सोडायची, म्हणजे तिला धरून त्याला मागे येता येतं. वर आंबट कश्क, आटवून वाळवलेल्या ताकाचा. आणि ती आश आपण एकट्यानं खायची नाही, घरोघर वाटायची. ज्या ज्या घरी वाटी जाते त्या घरातली माणसं त्या प्रवाशाची वाट बघायला बांधली जातात.

मी निघाले तेव्हा मामाननं आश केली नव्हती.

मी निघाले असं तरी कुठं म्हणायचं. इस्तंबूलमध्ये पटकथा लिहिणाऱ्यांचं एक शिबिर होतं, काही आठवड्यांचं. पाठीवर एक पिशवी, त्यात दोन पँटी, एक स्वेटर आणि तीन वेळा परत आलेली माझी पटकथा. गाडी शिकवणाऱ्या एका बाईची गोष्ट होती ती. चित्रपटांना परवानगी देणाऱ्या सरकारी ऑफिसातला माणूस सभ्य होता, चहा पाजायचा. म्हणायचा, तुमची नायिका गाडीच्या आरशात फार वेळ बघते, खानम, बाईनं आरशात एवढा वेळ बघायचं कारण काय. मी म्हटलं, मागची गाडी. तो हसला आणि तिसऱ्यांदाही पटकथा परत दिली. तर त्या शिबिराला मी निघाले, सकाळची वेळ होती, मामाननं कुराण धरलं, पण पाणी ओतताना अगदी फुलपात्रातलं, चमचाभर ओतलं. जिना ओला दिसला की अफ्सर खानम विचारणार, कोण गेलं. तेव्हा बाबा वारून फार दिवस झाले नव्हते आणि आमच्या दारावर कुणाचं लक्ष जाऊ नये असं आम्हा दोघींनाही वाटायचं. शेजारी तिनं सांगितलं, गोल्नूश यज्दला गेलीय, इथंच देशात, चित्रीकरणाला. मग यज्दचं चित्रीकरण लांबलं. मग लांबतच राहिलं. पुढे इमारतीतल्या सगळ्यांना खरं काय ते कळलं, मोलकरणीलासुद्धा, तरी मामाननं आश केली नाही. एकदा ती इथं, इस्तंबूलला, आली होती तेव्हा मी थट्टेत म्हटलं, माझी आश राहिलीय तुझ्याकडे. ती वांगी सोलत होती. मान वर न करता म्हणाली, तू गेलीयेस कुठं? कामाला गेलीयेस. कामाला गेलेल्यांची आश करतात होय?

आणि मला ते आवडायचं. कुठंतरी नार्मकमधल्या एका स्वयंपाकघरात माझं जाणं अजून घडलेलंच नव्हतं. इथं माझं लग्न झालं, कुर्तुलुशच्या ह्या चढावरच्या घरात मी आणि सियामक राहायला आलो, रायका झाली, सियामक चित्रीकरणांचे आवाज टिपायला महिना महिना बाहेर राहू लागला, आताही इझ्मीरला आहे. पण तिकडे मी अजून कामाला गेलेली होते. पुढच्या नौरोजला येणारी. दार बंद नव्हतं, किलकिलं होतं. किलकिल्या दाराशी माणूस किती वर्षं उभा राहू शकतो, ते उभं राहिल्याशिवाय कळत नाही.

दार किलकिलं ठेवण्यासाठी मी बहमन साबेरी झाले. इथं एक वाहिनी आहे, फारसी मालिका काढते, घरोघरच्या गच्च्यांवरच्या तबकड्यांमधून त्या तेहरानमध्ये दिसतात आणि बघायला बंदी असल्यामुळे सगळे बघतात. तिच्यासाठी लिहिणाऱ्यांच्या घरच्यांना तिकडे बोलावून घेतात, चहाशिवाय प्रश्न विचारतात. म्हणून नाव बदलायचं ठरलं. निर्माता फर्झाद लहानपणीच स्वीडनला गेलेला, त्याला घाई फार. म्हणाला, पुरुषाचं घे, लवकर खपेल. बहमन माझ्या मामाचं नाव, साबेरी एका दुकानाच्या पाटीवरचं. आणि फर्झाद म्हणाला ते खरं ठरलं. अक्सरायमध्ये जिथून मी कश्क आणि सुके लिंबू आणते त्या दुकानातले हाजी आगा एकदा मला म्हणाले, हा साबेरी विधुर असला पाहिजे, बायकांचं दुःख असं आतून कळायला बायको जावी लागते. मी मान डोलावली आणि सुके लिंबू पिशवीत टाकले. बाप्यानं बाईचं लिहिलं की केवढं कौतुक. तेच बाईनं लिहिलं असतं तर म्हणाले असते, घरातलंच तर लिहितेय.

शहराबाहेर एका गोदामात आमच्या मालिकेचं तेहरान उभं केलेलं आहे. दोन खोल्या, एक स्वयंपाकघर, खिडकीबाहेर कापडावर रंगवलेला डोंगर आणि खऱ्या चिनाराची एक फांदी, ती दर आठवड्याला बदलावी लागते. रायका तान्ही होती तेव्हा मी तिला त्या खोट्या घरातल्या खऱ्या पलंगावर निजवायची आणि शेजारी जमिनीवर बसून पुढचा प्रसंग लिहायची. दिवे बंद झाले की त्या खोलीत जरासा आमच्या घराचा वास येतोय असं वाटायचं. तो वास लाकडाच्या भुशाचा असायचा. तरीही.

मामान ती मालिका बघायची. फोनवर आम्ही दोघी हवापाण्याचं बोलतो, तिसरं कुणी ऐकत असेल तर त्यानं कंटाळून फोन ठेवावा अशा बेतानं. मी बहमन आहे हे तिला कधी सांगितलं नाही आणि तिनं कधी विचारलं नाही. पहिल्याच भागानंतर ती म्हणाली, तुमच्याकडचा तो साबेरी, त्याला चहा करता येत नाही वाटतं, उकळी फुटल्या फुटल्या बाई चहा ओततेय. त्यानंतर दर आठवड्याला साबेरीची हजेरी घेणं चालू झालं. त्याच्या सुना फार बोलतात. त्याच्या म्हाताऱ्यांच्या चादरी फार स्वच्छ असतात. आणि एकदा, मुलगा परदेशी जातो आणि आई दाराला धरून हमसाहमशी रडते तो भाग झाल्यावर, ती म्हणाली, "त्या बहमनला सांग, आई अशी रडत नाही. आई भांडी घासते. दिवस फारच वाईट असला तर घासलेली परत घासते."

मला ते पातेलं दिसलं. तांब्याचं मोठं पातेलं, ज्यात ती आश करते. बाबाला न्यायला आले ती दुपार होती. मी रायकाहून थोडी मोठी असेन. मला माणसं आठवत नाहीत, बुटांचा आवाज आठवत नाही. बाबानं माझ्या डोक्यावर हात ठेवला असं मामान सांगते, तोही आठवत नाही. आठवतो तो नंतरचा आवाज, पातेल्याच्या बाहेरच्या अंगाला रेती आणि लिंबाची साल घासल्याचा. खस्स, खस्स, मध्ये पाणी, परत खस्स. मी तिच्या पाठीला पाठ लावून बसले होते आणि ती घासताना तिची पाठ हलायची तशी मी हलत होते. मला वाटतं मी तशीच झोपले. फार वर्षांनी बाबा परत आला तेव्हाही ती ते पातेलं घासत होती. बाबा आला आणि खुर्ची ओढून खिडकीशी बसला. इमारतीतले रेडिओ दुरुस्त करायचा. मागचं झाकण उघडायचा, आतल्या धुळीवर हळूच फुंकर घालायचा, आणि रेडिओ लागला की आवाज बारीक करून परत करायचा. तुरुंगातलं एक अक्षर त्यानं कधी सांगितलं नाही. मी त्याच्यासाठी गोष्टी रचायची, तो ऐकायचा, आणि शेवटी विचारायचा, मग त्या माणसाचं पुढे काय झालं? मला माहीत नसायचं. मी लेखक झाले असेन तर त्या प्रश्नामुळे.

माझं पुस्तक त्याचं आहे. त्याच्या न सांगण्याचं. मामान इथं यायची तेव्हा ह्याच टेबलाशी बसून, रायकाला मांडीवर घेऊन, तिनं मला थोडं थोडं सांगितलं. फोनवर कधी नाही. भेटीच्या दिवशी ती काय घालून जायची, दरवाज्याबाहेर उभ्या राहिलेल्या बायका एकमेकींना शेंगदाणे कसे द्यायच्या, घरी आल्यावर बाबा महिनाभर दिवा बंद करू द्यायचा नाही. सांगता सांगता ती मध्येच म्हणायची, रायकाचे पाय गार पडलेत, मोजे आण. मी मोजे आणून द्यायची आणि मग तो विषय त्या दिवसापुरता संपायचा. मी तेही लिहिलं, मोज्यांसकट. आणि लिहून झालं तेव्हा इरज आगांकडे पाठवलं. इरज आगा जर्मनीत कलोनला फारसी पुस्तकं छापतात, तळघरात त्यांचे गठ्ठे असतात, आणि त्यांची बोलण्याची रीत त्यांनी इराण सोडलं तेव्हाची आहे. त्यांनी माझ्या पावलांच्या धुळीची वगैरे चौकशी केली आणि मग म्हणाले, पुस्तक छापायचं ठरलं. मुखपृष्ठ तयार आहे, नावाची जागा तेवढी रिकामी आहे. साबेरी म्हणालात तर हातोहात जाईल. तुमचं स्वतःचं म्हणालात तर जे काय होईल ते तुम्ही मला सांगायला नको, मी तुम्हाला सांगायला नको.

जे होईल ते साधं होतं. माझं नाव छापलं की दार बंद. आणि मामान तर आता इकडे येऊ शकत नव्हती. पूर्वी ती यायची, तुर्कस्तानला आमच्या लोकांना परवाना लागत नाही, सगळं तेहरान आपापल्या मुलांना इस्तंबूलच्या बागांमधून भेटून जातं. पण गेल्या नौरोजच्या आधी हृदयाच्या डॉक्टरनं तिचं विमान बंद केलं. म्हणजे ती येणार नाही आणि मी जाणार नाही. शिवाय तिला बोलावून घेतील, या वयात, आणि मुलीबद्दल विचारतील. हे एका बाजूला. आणि दुसऱ्या बाजूला बाबा. बहमन साबेरी असं नाव घातलं तर मुखपृष्ठावर माझा बाप एका परक्या माणसाचा बाप होऊन बसणार. आयुष्यभर कुणाला न सांगता राहिलेला माणूस, आणि शेवटी त्याची गोष्ट सांगणाऱ्याचं नाव दुकानाच्या पाटीवरचं.

मी मामानला विचारलं. हवापाण्याच्या भाषेत विचारलं. म्हटलं, मामान, तो बहमन पुस्तक छापतोय. बापावर लिहिलंय. बहमनच राहावं की खरं नाव घालावं, त्याचं ठरत नाहीये. खरं घातलं तर त्याला आईकडे जाता येणार नाही.  तिच्या फ्रिजची घरघर ऐकू येत होती, तो फ्रिज जुना आहे, बाबानं दोनदा दुरुस्त केलेला. मग ती म्हणाली, यंदा पुदिना फार छान आलाय गं. आणि रायका जेवते का नीट, आणि ठेवते मी, दारावर कुणी आलंय. दारावर कुणी आलेलं नव्हतं. घंटा वाजली असती तर मला ऐकू आली असती. मी फोन ठेवला आणि मला इतका राग आला की मी रायकाला उगीचच ओरडले, टेबलाखाली लपली होती म्हणून. पुदिना. मी तुला विचारते काय आणि तू सांगतेस पुदिना. नंतर रायकाजवळ बसून तिच्या केसांतून हात फिरवताना मला वाटलं, ती नाही म्हणतेय. येऊ शकत नाही आणि नाही म्हणू शकत नाही म्हणून पुदिना म्हणतेय. मी मनातल्या मनात बहमनला होकार देऊन टाकला होता. आज इरज आगांचा फोन येणार होता आणि मी त्यांना तेच सांगणार होते.

आणि आता हा फोटो. नावाच्या सभोवार, गोल, तेलात काळपट झालेला पुदिना.

एकदा मालिकेत मी आशीचा प्रसंग घातला होता. मुलगा जातो, आई आश करते. फर्झाद म्हणाला, तीन दिवस कोण थांबतंय, जाताजाताच आश करू दे, जाहिरातीच्या आधी अश्रू पाहिजेत. मी कंटाळले होते, रायकाला दात येत होते, मी दिलं लिहून. आईचं काम करणाऱ्या तूरान खानम, ज्या तेहरानमध्ये एके काळी रंगमंचावर राण्या व्हायच्या, त्या पळी घेऊन खोट्या शेगडीशी उभ्या राहिल्या आणि मला जवळ बोलावून हळू म्हणाल्या, मुली, हे बरं नव्हे, तो अजून दारात उभा आहे. मी म्हटलं, खानम, कॅमेऱ्याला दिवस कळत नाहीत. मामानला कळले. त्या आठवड्यात तिचा आवाज खरोखरच रागावलेला होता. म्हणाली, "प्रवासी दारात असताना आश शिजवतात का कधी? हाकलल्यासारखं होतं ते. गेला हे पक्कं झालं की मग करायची." मी विचारलं, पक्कं कधी होतं? "तिसऱ्या दिवशी," ती म्हणाली. आणि मग जरा थांबून, "कुणाकुणाचं उशिरा होतं."

मला ते वाक्य तेव्हा मालिकेत वापरावंसं वाटलं होतं. एवढंच वाटलं होतं.

मूठ सैल पडली होती. कधी पडली कळलं नाही. मी उठले नाही. मी फोटो मोठा करून बघत बसले. आधी मामाननं कधी आशीवर नाव लिहिलेलं मला आठवत नाही. केशरी भातावर दालचिनीनं लिहितात, पुण्याईचा असतो तो, वारलेल्यांची नावं असतात त्यावर. आशीवर फक्त पांढऱ्या रेघा ओढते ती, झपाझप, बघितलं न बघितल्यासारखं. आणि इथं अक्षरं होती. ती कमरेला हात देऊन टेबलाशी उभी राहिली असेल, डोळे बारीक करून. एका वाटीवर नाही, सगळ्या वाट्यांवर. वरच्या मजल्याची, खालच्या मजल्याची, कोपऱ्यावरच्या शिंप्याची, ज्याला मी कधी आवडले नाही त्याचीसुद्धा. हातात तबक घेऊन, एकेक पायरी थांबत, तिच्या त्या हृदयाला घेऊन ती जिना चढली असेल, आणि दार उघडलं की म्हणाली असेल, गोल्नूश गेली. ज्या जिन्यावर तिनं चमचाभर पाणी ओतलं होतं, कुणाला दिसू नये म्हणून. कश्क गरम आशीत फार टिकत नाही. कडा विरघळतात, अक्षर पसरतं, हिरव्यात पांढरं मिसळून जातं. फोटोतच शेवटच्या अक्षराला पाझर फुटलेला दिसत होता. तेवढ्यात लोकांनी वाचलं असेल. मग चमचा घातला असेल.

रायका उठली. तिचे डोळे उघडतात आणि मग थोड्या वेळानं ती त्यांत येते, मला ती मधली वेळ फार आवडते. ती माझ्या कुशीत सरकली आणि फोनकडे बघून म्हणाली, हे काय?

मामान-बोझोर्गनं आश केलीय, मी म्हटलं. तिच्या आजीला ती तसंच म्हणते, मोठी आई.

"वर काय लिहिलंय?"

"माझं नाव."

ती विचारात पडली. "तुझं नाव मामान आहे."

"ते तुझ्यापुरतं. मला आणखी एक आहे."

"मग खाल्लं की पुसणार ना ते?"

मी म्हटलं, हो. पण ज्यांनी खाल्लं त्यांच्या पोटात राहील. तिला हे फारच पटलं. तिनं आपल्या पोटावर हात ठेवून बघितला, तिथं कुणाचं नाव आहे का म्हणून, आणि मग तिला भूक लागल्याचं आठवलं.

मी तिला खजूर आणि दूध दिलं. इरज आगांचा फोन आला तेव्हा ती बी हातात घेऊन मला दाखवत होती. त्यांनी माझी, सियामकची, रायकाची, आमच्या घराच्या भिंतींची खुशाली विचारली, मी त्यांच्या गुडघ्यांची विचारली. मग त्यांनी घसा साफ केला. "तर खानम, ती रिकामी जागा."

मी म्हटलं, "गोल्नूश. पुढे बाबांचं आडनाव. तवक्कोली."

 त्यांच्याकडे कुठंतरी चर्चची घंटा वाजत होती. मग ते रीतभात सोडून, एखाद्या थकलेल्या काकासारखे म्हणाले, मुली, छापलेलं खोडता येत नाही. मीही एकदा माझं नाव छापलं होतं. माझी आई वारली तेव्हा मी ह्याच तळघरात गठ्ठे बांधत होतो, त्या दिवशी किती बांधले त्याला सुमार नाही. "आईला विचारलंत का?"

मी म्हटलं, "आईनंच लिहून पाठवलंय."

फोन ठेवल्यावर घरात काहीही बदललं नव्हतं. खालच्या चढावरून भंगारवाला तुर्कीत ओरडत चालला होता, रायका बिया ओळीनं मांडत होती, कोथिंबिरीच्या काड्या होत्या तिथंच होत्या. मला वाटलं होतं काहीतरी मोठा आवाज होईल, दार लागल्यासारखा. काही नाही. उलट मला एकाएकी फार एकटं आणि फार हलकं वाटलं, लहानपणी मामानची पाठ माझ्या पाठीवरून उठून जायची तेव्हा वाटायचं तसं, पाठीवर वारा लागल्यासारखं. मग मी तिला फोन लावला.

तिनं लगेच उचलला. म्हणजे शेजारीच ठेवला होता. हवा विचारली, मी म्हटलं, बरी आहे. तिनं रायकाचं जेवण विचारलं. अफ्सर खानमनी फोटो पाठवला, मी म्हटलं. ती म्हणाली, अफ्सरला कुठं स्वस्थता आहे. वाटीत खडीसाखर घातली म्हणे, मी म्हटलं. ती म्हणाली, "घातली, पण जुनी. मुंग्या झटकून घातली असणार." मी हसले. ती हसली नाही. मग मी विचारलं, मामान, शेवया मोडल्या होत्यास का? पातेल्यात मावाव्यात म्हणून आमच्याकडे पुष्कळ जण शेवया मधोमध मोडून घालतात, तीही घालायची.

"नाही," ती म्हणाली. "ह्या वेळी अख्ख्याच घातल्या. लांब जायचंय ना."

मला बोलायचं होतं. मला म्हणायचं होतं की बाबा विचारायचा तसं कुणी विचारेल, मग त्या माणसाचं पुढे काय झालं, आणि आता सांगणाऱ्याचं नाव त्याच्याच मुलीचं असेल. पण तिसरं कुणी ऐकत असेल, आणि नसलं तरी आम्हाला दुसरी भाषा येत नव्हती. मी म्हटलं, बहमनचं ठरलं. तो नाही छापत. ती म्हणाली, बरं झालं, त्याला कुठं काय येत होतं, चहासुद्धा येत नव्हता. मग म्हणाली, थांब हं, ठेवू नकोस, पातेलं तसंच पडलंय.

तिनं फोन ओट्यावर ठेवल्याचा आवाज आला. मग नळ. मग खस्स. खस्स, खस्स, मध्ये पाणी, परत खस्स. रायका माझ्या मांडीवर येऊन बसली आणि तिनं फोनला कान लावला. मोठी आई काय करतेय, तिनं कुजबुजत विचारलं. भांडी घासतेय, मी म्हटलं. आश तर सकाळीच वाटून झाली होती. पातेलं कधीच घासून पालथं घातलेलं असणार. मी रायकाची पाठ माझ्या पोटाशी धरली आणि आम्ही दोघी ऐकत राहिलो.